अशक्य विद्यापीठातला मासा

मासा उठला आणि अख्खा हॉल उभा राहिला.

अंधेरीतला लग्नाचा हॉल. भिंतीवर कुणाच्या तरी बारशाचे फुगे अजून लटकत होते. त्या फुग्यांखाली काळा गाऊन घालून कुलगुरू चंद्रप्रकाश. समोर काचेची पेटी, आणि पेटीतल्या पाण्यात मघाशी मेलेला मासा मस्त गोल गोल फिरतोय. बायका रडतायत, पुरुष मोबाइल वर धरून शूटिंग करतायत. मागून कुणीतरी ओरडलं, "महाराज की जय!"

"जय नको!" चंद्रप्रकाशने हात वर केला. "मी महाराज नाही, प्राध्यापक आहे. ह्या जगाच्या पलीकडे नववा लोक आहे. तिथली पोरं पाढे शिकत नाहीत, अशक्यशास्त्र शिकतात. दगड तरंगवणे, पहिलं वर्ष. गेलेला काळ परत मागवणे, दुसरं वर्ष. आणि गेलेला माणूस परत मागवणे, ती आमची पीएचडी! इथला डॉक्टर म्हणतो, पेशंट मेला. आमच्या विद्यापीठात तो शब्दच नाही. आम्ही म्हणतो, गैरहजर."

निशाला एरवी हसू आलं असतं. पण शेजारी तिची आई बसली होती, पदर तोंडात धरून. कमळ, खारदांड्याची कोळीण. निशाचे बाबा रामनाथ गेल्या वर्षी बोटीवरून पडले ते सापडलेच नाहीत. देह नाही, म्हणून कमळने त्यांचे दिवस करू दिले नाहीत. बांगड्या तशाच, कुंकू तसंच. आणि आज ह्या माणसाने तिलाच स्टेजवर बोलावून बर्फातला मासा हातात दिला होता. "माउली, तुमचा हात अख्खं मार्केट ओळखतं. सांगा, मेलाय ना?" कमळने कल्ला उघडून बघितला, शेपटी ओढली, डोळ्यावर बोट ठेवलं. "मेलाय," ती म्हणाली होती.

"ओ साहेब!" शेजारची शेवंतीमावशी खुर्चीवरून ओरडली. "आमचा पापलेट उठवा की! घरी बर्फात पडलाय."

हॉल खदखदला. चंद्रप्रकाश गोड हसला. "पापलेट संसारी मासा आहे, मावशी. त्याची अजून प्रवेश परीक्षा झालेली नाही."

टाळ्या पडल्या. निशाच्या डोक्यात मात्र ते वाक्य अडकून बसलं. पापलेट का नाही?

जाताना कमळने त्याला नवऱ्याचं आणि आपल्या डायबेटिसचं सांगितलं, तेव्हा त्याने तिच्या डोक्यावर हात ठेवला. "औषध म्हणजे शक्याला शरण जाणं. नवरा दारात येईपर्यंत सुई बंद."

आणि कमळने इन्सुलिन बंद केलं. बघता बघता तिची वाट लागली. सारखी तहान, भिंत धरून चालणं. पायाची जखम काळी पडायला लागली. डॉक्टर म्हणाले, असंच चाललं तर पाय जाईल, कदाचित बाईसुद्धा.

"आई, हात जोडते तुझ्यासमोर, घे ना गं सुई."

"ते आले नाहीत तर? मी सुई घेतली म्हणून आले नाहीत तर?"

"अगं, मी शाळेत शास्त्र शिकवते. मेलेला मासा उठत नाही!"

"तू पुस्तकातलं शिकवतेस. मी हातात धरला होता. जन्म गेला माझा मासळीत. हा हात फसलाय कधी?"

निशाने सुई परत डब्यात ठेवली. कारण ते खरं होतं. आणि खरं सांगायचं तर तिलाही वाटत होतं की आईच बरोबर ठरावी. बाबांनी यावं, ओरडावं, चहा मागावा. शूटिंगचा व्हिडिओ तिने परत परत बघितला तो त्यासाठीच. चूक पकडायला नाही.

पण चूक दिसली. माशाला मिशा होत्या.

मांगूर! डबक्यातला मासा. दांड्याच्या घरात त्याला शिवतसुद्धा नाहीत, समुद्राचं सोडून गोड्या पाण्याची मासळी विकणं म्हणजे कमीपणा. आईचा हात फसला नव्हता. त्या हाताने मांगूर कधी धरलाच नव्हता.

रविवारी सकाळी निशाने मानखुर्दवरून जिवंत मांगूर आणला, आणि बर्फाचा चुरा करून त्यात पुरला. शेजारी एक पापलेट ठेवला. मग आईला ओट्यावर बसवलं, शेवंतीमावशीला हाक मारली.

"बघ आई. तुझ्या हाताने."

कमळने दोन्ही मासे चाचपले. "मेलेत दोन्ही."

निशाने दोन्ही टबात सोडले. पापलेट आडवा होऊन तळाला बसला. मांगूरही तसाच. शेवंतीमावशी म्हणाली, "काय रे मांगुरा, तुझी पण परीक्षा राहिली वाटतं." तेवढ्यात एक मिशी हलली. मग कल्ला. मग शेपटीचा एक फटका, आणि पाणी मावशीच्या साडीवर.

"मेलाच नव्हता," निशा म्हणाली. "बर्फाने त्याचं अंग बधिर होतं, श्वास कळत नाही इतका मंद होतो. शिवाय हा मासा हवेतूनही श्वास घेतो, पाण्याबाहेर लगेच मरत नाही. पाणी मिळालं, ऊब आली, की जागा होतो. नववा लोक नाही, काही नाही."

"आणि तुझे बाबा?"

ह्याचं उत्तर निशाला माहीत होतं. तिने टबातल्या पापलेटकडे बघितलं.

कमळने वाकून तळातला पापलेट बाहेर काढला. पदराने हळूच पुसला, तान्ह्या पोराला पुसावं तसा. "मेलेला असा असतो," ती म्हणाली. "मला ठाऊक होतं गो. पहिल्या दिवसापासून." आणि वर्षभर अडवून धरलेलं रडणं फुटलं. अख्खी गल्ली गोळा झाली, कुणी तिला गप्प केलं नाही.

दुपारी तिने स्वतःहून दंड पुढे केला. पाय वाचला, दोन बोटं गेली. मग रामनाथचे दिवसही झाले.

चंद्रप्रकाशचा हॉल आजही भरतो, फक्त जागा बदलते. तुमच्या घरातलंही कुणीतरी तिथे बसलेलं असेल. त्यांच्यावर हसू नका, ती वेडी नाहीत, त्यांचं कुणीतरी गेलेलं आहे. त्यांच्याजवळ बसा, रडू द्या. पण तो गाऊनवाला मासा उठवतो तेव्हा एवढंच विचारा, हाच मासा का? दुसरा का नाही? आणि कुणीही, कितीही गोड बोलून, औषध बंद करा म्हणाला, तर तिथून उठा.