पडद्यावरचे चेन

“माझे बाबा दिसले ना, की खेळ संपल्यावर उठून त्यांचं नाव सांग. मोठ्यानं सांग. माझ्या घशात आता आवाज उरला नाही.”

शेजारच्या मे आजींनी असं कुजबुजत बजावलं होतं, आणि सुहासिनीकाकूंनी त्यांचा हात हातात घेऊन हो म्हटलं होतं.

कॅलिफोर्नियात, फ्रीमाँटच्या त्या टाउनहाउसांत दोघींची भिंत एकच. मे आजींचा जन्म बर्लिनचा. वडील, चेन वेन-शान, दगडी मूर्ती विकायला चीनहून तिकडे गेले. धंदा चालेना म्हणून मूकपटांत उभे राहू लागले. कधी नोकर, कधी चोर, कधी अफूबाज. नामावलीत मात्र नुसतं ‘एक चिनी’. दोन हजार सहा सालच्या श्रावणात त्यांतला एक चित्रपट गावातल्या जुन्या थिएटरात दोन शनिवार दुपारी दाखवणार होते.

आणि चातुर्मासात काकूंचं शनिवारी दिवेलागणीपर्यंत मौन.

पहिल्या शनिवारी दोघी शेजारी बसल्या. पियानो वाजत होता. पडद्यावर एक बारकेला माणूस तबक घेऊन आला, घसरला, कपबश्यांसकट हौदात पडला. लोक खदखदून हसले. काकूही पदराआड हसल्या. मे आजींनी त्यांचा दंड घट्ट धरला, तेव्हा कळलं की हेच चेन.

खेळ संपल्यावर संयोजक म्हणाला, “या कलावंतांबद्दल कुणाला काही माहीत आहे का?”

मे आजींनी काकूंकडे पाहिलं. काकूंनी ओठांवर बोट ठेवलं, मौन आहे असं खुणावलं. आजींनी मान खाली घातली आणि मांडीवरचा रुमाल चारदा दुमडला.

घरी येऊन दिवा लावला, मौन सुटलं. सून हिमानीनं विचारलं, “मग, सांगितलंत का नाव?”

“माझं मौन होतं गं.”

“आई, मागच्या वर्षी तुमच्या नातवाचा, निमिषचा पाय मुरगळला तेव्हा तुम्ही सरळ बोललात. गुरुजी म्हणालेच होते ना, अडलं तर बोला, दुसऱ्या दिवशी मौन करा.” मग हसून म्हणाली, “देवाला इंग्रजीची भीती नाही वाटत, तुम्हाला वाटते.”

काकू वाती वळत राहिल्या. पोरगी खोटं बोलत नव्हती. भरल्या थिएटरात आपलं मोडकं इंग्रजी ऐकून लोक हसतील म्हणून त्या देवामागे दडल्या होत्या. आणि त्या माणसाला तर स्वतःच हसून आल्या होत्या. आठवडाभर जप करताना तोच रुमाल डोळ्यांपुढे येई. भिंतीपलीकडे नळ वाजला तरी कान तापत.

दुसऱ्या शनिवारी अंघोळ करून त्या देवापुढे बसल्या. मौनाच्या संकल्पासाठी पळी उचलली आणि तशीच ठेवून दिली. “आज बोलेन,” त्या म्हणाल्या, “उद्या फेडेन.”

दुपारी हिमानी किल्ली शोधत आली. “थिएटरवर सोडू का? आणि नाव तरी नीट येतंय का?”

“चेन वेन-शान,” काकू म्हणाल्या. मग मोठ्यानं पुन्हा म्हणाल्या. “तू थांब गाडीत. आधी मे आजींना विचारू दे, माझ्याबरोबर येतील का.”

पायांत चपला सरकवून त्या शेजारच्या दाराकडे निघाल्या.