दोघींच्या सह्या

धाकटीने ते पत्र दोनदा वाचलं, मग चष्मा पुसून तिसऱ्यांदा वाचलं. अडतीस वर्षं टायपिस्ट म्हणून दुसऱ्यांची पत्रं टंकण्यात गेली होती, त्यामुळे गोड भाषेत गुंडाळलेला हुकूम तिला लांबूनच ओळखू यायचा. शेअर दलालाची जुनी पेढी एका मोठ्या कंपनीत विलीन झाली होती. सगळ्यांचे शेअर महिनाअखेर नव्या कंपनीकडे जाणार होते. सोबतचा फॉर्म भरून द्यायचा, आणि खातं संयुक्त असेल तर त्यावर दोन्ही खातेदारांच्या सह्या हव्यात.

तिच्या खात्यावर दुसरं नाव ताईचं होतं. आणि ताईशी ती अकरा वर्षं बोललेली नव्हती.

आईच्या शेवटच्या दुखण्यात डॉक्टर ऑपरेशन करू म्हणत होते. ताई स्वतः नर्स. तिने नको म्हणून सांगितलं आणि आईला घरी आणलं. सहाव्या दिवशी आई गेली. धाकटी तेव्हा बदलीच्या गावी होती. ती पोचेपर्यंत सगळं उरकलं होतं. भरल्या घरात, चार माणसांसमोर ती ताईला म्हणाली, "नर्स असून आईला मारलंस तू." जिभेला हाड नसतं म्हणतात ते खोटं नाही. ताईने उलट शब्द काढला नाही. हातातली कपबशी खाली ठेवून ती आत गेली, आणि त्या दिवसापासून दोघींमधलं दार लागलं ते लागलंच.

काही पळवाट सापडते का बघावं म्हणून दुसऱ्या दिवशी धाकटी पेढीवर गेली.

पेढी सायकल दुरुस्तीच्या दुकानावर, पहिल्या मजल्यावर होती. लाकडी जिन्याची चौथी पायरी अजून करकरत होती. वर मात्र निम्मी कपाटं रिकामी, फायली खोक्यांत, आणि भिंतीवर जिथे शेअरचे भाव लिहायचा काळा फळा टांगलेला असायचा तिथे नुसता फिकट चौकोन. ती दारातच थबकली.

शेहेचाळीस वर्षांपूर्वी ती आणि ताई याच दारात उभ्या होत्या. ती वीस वर्षांची, नुकतीच नोकरीला लागलेली. ताई चोवीसची, रात्रपाळी करून तशीच आलेली, डोळे लाल. दोघींनी साठवलेले पैसे एकाच पाकिटात होते. कुठल्या कंपनीचे शेअर घ्यायचे यावरून रस्ताभर वाद.

"औषधांच्या कंपनीचे घेऊ," ताई म्हणाली होती. "लोक आजारी पडायचे थांबत नाहीत."

"मग भिंती रंगवायचे तरी कुठे थांबतात? रंगाच्या कंपनीचे घेऊ."

शेवटी दोन्ही घेतले, थोडे थोडे. खातं मात्र एकच काढलं. दोन खात्यांचं शुल्क कशाला भरायचं, हा ताईचा हिशेबीपणा. आणि सही करताना धाकटीचा हात इतका थरथरला की ताईने तिच्या कानात हळूच म्हटलं होतं, "इंजेक्शन नाही गं देत कोणी, सही कर." दोघी तिथेच हसत सुटल्या होत्या, आणि फळ्यावर भाव लिहिणाऱ्याचा खडू थांबला होता.

"या, धाकट्या बाई." खोक्यांमागून शिक्केमामा उठले. पेढीतले सगळ्यात जुने कारकून. कागदावर शिक्का असा हाणायचे की शेजारची शाईची दौत उडायची, म्हणून हे नाव. निवृत्तीचं वय केव्हाच उलटलं होतं, पण मालकांनी त्यांना जाऊ दिलं नव्हतं. "तुमचीच वाट बघत होतो."

"मामा, माझ्या एकटीच्या सहीवर नाही का भागणार?"

"नाही भागणार. आणि मोठ्या बाईंनी सही करून फॉर्म केव्हाच पाठवलाय, टपालाने."

म्हणजे ताईने आपल्या वाट्याचं काम आधीच उरकून ठेवलं होतं. फॉर्मवर खाली आपली सही केली की झालं, कोणाचं तोंडही बघायला नको. तिने पेन काढलं.

"थांबा," मामा म्हणाले. "नव्या कंपनीने तो फॉर्म परत पाठवलाय. सही जुळत नाही म्हणतात." त्यांनी दोन कागद शेजारी शेजारी ठेवले. एकावर ताईची जुनी सही, ताठ, शेवटच्या अक्षराखाली सरळ रेघ. दुसऱ्यावर कोळ्याने जाळं विणायला घ्यावं आणि मध्येच सोडून द्यावं, तशा काहीतरी रेघोट्या.

"ही ताईची नाही," धाकटी म्हणाली.

"त्यांचीच आहे. मी फोन केला होता. हात कापतो म्हणाल्या. दोन वर्षं झाली."

ताईचा हात. पहिल्याच फटक्यात शीर सापडणारा. रडणारी पोरंसुद्धा त्या हाताखाली गप्प व्हायची. धाकटीने पेनला टोपण लावलं.

"त्या इथे येऊन माझ्यासमोर सही करतील तर नवा नमुना म्हणून मी साक्ष देईन," मामा म्हणाले. "ओळखणारं माणूस लागतं, आणि शुक्रवारनंतर मी इथे नाही. पण मोठ्या बाई म्हणाल्या, जिना चढवत नाही, राहू दे."

"राहू दे म्हणाली? ताई?"

"असंच म्हणाल्या."

धाकटी तिथून घरी गेली नाही. बस बदलून थेट ताईच्या घरी गेली. परत फिरायचा विचार येण्याआधीच तिने दार वाजवलं.

ताईने दार उघडलं. केस पांढरेशुभ्र झालेले, उजवा हात डाव्या हाताने धरून ठेवलेला.

"बारीक झालीस," ताई म्हणाली.

"तू पण."

"चहा तुलाच करावा लागेल. माझ्याने सांडतो."

धाकटीने चहा केला. डबे कुठे असतील हे तिला विचारावं लागलं नाही. आईच्या घरी होते त्याच क्रमाने ताईने लावले होते. ताईपुढे कप ठेवताना तिने तो अर्धाच भरला. ताईच्या ते लक्षात आलं.

"शुक्रवारी मी तुला न्यायला येते," धाकटी म्हणाली. "जिना हळूहळू चढू."

"नाहीतर अंगठा लावते. तेवढंच राहिलंय आता."

"अंगठा कशाला? लिहितावाचता येतं ना तुला?"

ताई हसली, अगदी थोडीशी. मग धाकटीने टेबलाकडे बघत म्हटलं, "तेव्हा जे बोलले ते बोलायला नको होतं मी."

"नको होतं." ताईने कप दोन्ही हातांनी उचलला. "मी विसरले म्हणणार नाही. खोटं कशाला बोलू? पण तू आलीस ते बरं झालं."

शुक्रवारी दोघींना एक मजला चढायला दहा मिनिटं लागली. मामांनी वर एकुलती एक खुर्ची राखून ठेवली होती. ताईने पहिला कागद बिघडवला, दुसरा बिघडवला. तिसऱ्या वेळी मामांनी घड्याळाकडे पाठ केली आणि म्हणाले, "सावकाश, बाई. आज मला कुठेही जायचं नाही." सही झाली. वाकडी, पण ताईची. खाली धाकटीने आपली केली. मामांनी साक्ष लिहिली, आणि शिक्का आवाज न करता टेकवला.

तीन आठवड्यांनी नव्या कंपनीचा कागद आला. रंग आणि औषधं, सगळं जिथल्या तिथे, वर दोघींची नावं. धाकटीने तो टपालाने पाठवला नाही, स्वतः घेऊन गेली.

त्या दुपारी ताई खिडकीपाशी बसली होती. कागदाकडे तिने नीट पाहिलंही नाही.

"तुला एक सांगायचं राहिलं," ती म्हणाली. "ऑपरेशन नको हे मी नाही, आईने सांगितलं होतं. मला घरी ने म्हणाली. आणि धाकटीला सांगू नकोस, ती धावत येईल, नोकरी जाईल तिची, असं म्हणाली."

"मग त्या दिवशी का नाही बोललीस?"

"तू इतकी रडत होतीस. त्यात आईनेच तुला येऊ दिलं नाही हे कशाला सांगायचं?"

धाकटी खुर्ची ओढून ताईच्या अगदी जवळ बसली, तो कापणारा हात तिने आपल्या मांडीवर घेतला आणि म्हणाली, "सांग मला. सहाही दिवसांचं सांग."

आणि ताई पहिल्या दिवसापासून सांगू लागली.