घोड्याच्या खालचं नाव

वेर्ना लस्कचं नाव पडद्यावर घोड्याच्या नंतर यायचं. आधी नायक बक थेयर, मग त्याचा घोडा सुलतान, मग मुंगीएवढ्या अक्षरांत वेर्ना. बारा वर्षांत तेवीस काउबॉय सिनेमांत ती कधी विधवा झाली, कधी बहीण, कधी गुत्त्याची मालकीण, आणि त्यातल्या चौदांत अर्ध्यावरच मेली. बाई मेल्याशिवाय थेयरनं सूड कशाचा घ्यायचा? घोडा मात्र एकदाही मेला नाही. मेला असता तर लोकांनी स्टुडिओला पत्रं लिहिली असती.

वेर्नाला पत्र लिहिणारं माणूस एकच, नेवाडातल्या एल्को गावी राहणारी तिची आई. तरुणपणी तापात तिचे दोन्ही कान गेले होते, पण ओठ वाचण्यात तिचा हात धरणारं कुणी नव्हतं. प्रत्येक सिनेमा बघून ती लिहायची, 'थेयर शब्द चघळतो. तू छान बोललीस, पण केवढंसं. पोटभर कधी बोलणार?'

चोविसाव्या सिनेमात ते जमणार होतं. गुंडांनी नवऱ्याला मारलंय, घर पेटवलंय, गाव दारं लावून बसलंय आणि विधवा मार्था भर रस्त्यात उभी राहून गावाला सुनावते. चार वाक्यं होती. वेर्नानं ती तीन आठवडे घोकली आणि आईला कळवलं, 'या खेपेला बघच.'

चित्रीकरणाच्या सकाळी तिच्या हातात गुलाबी कागद पडला. संवाद बदलले की गुलाबी कागद यायचा. चारही वाक्यं थेयरच्या तोंडी गेली होती. मार्थापुढे एवढंच लिहिलं होतं, 'मुकाट रडते.'

ती तडक दिग्दर्शक हॅस्केटकडे गेली. "नवरा माझा मेलाय की थेयरचा?"

"वेर्ना, सकाळी सकाळी डोकं खाऊ नकोस. बक म्हणतो, तूच सगळं बोललीस तर त्यानं येऊन करायचं काय?"

"मग सुलतानला द्या ना ती वाक्यं. त्याचं नाव माझ्या वर आहे."

"तू रडतेस छान. तेवढं कर."

तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. बारा वर्षं ती या माणसांसाठी छान रडली होती, छान मेली होती.

जाळायचं घर लाकडाचं होतं आणि एकच होतं. ते पेटलं, कॅमेरा सुरू झाला. वेर्ना रडली नाही. बंद दारांकडे वळून तिनं चारही वाक्यं खणखणीत म्हटली. हॅस्केट हातवारे करत राहिला, पण जळतं घर थोडंच थांबवता येतं?

"आवाज पुसून टाकतो तुझा," तो नंतर म्हणाला. "आणि पुन्हा माझ्या सेटवर पाऊल टाकायचं नाही."

चार महिन्यांनी सिनेमा एल्कोला लागला. वेर्ना आईशेजारी बसली. पडद्यावर थेयर आला, सुलतान आला. वेर्नाचं नाव आलंच नाही. घर पेटलं, मार्था वळली, तिनं तोंड उघडलं आणि थेटरभर नुसती व्हायोलिनं वाजू लागली. वेर्नाला लाजेनं आणि संतापानं उठून जावंसं वाटलं.

तेवढ्यात आई बोलू लागली. आपला आवाज केवढा आहे हे तिला कुठलं कळायला.

"तुम्ही दारं लावून बसलात. माझ्या नवऱ्यानं हाका मारल्या, तेव्हा तुमचे पडदे हलले, मी पाहिलं. आता रडायला येऊ नका. तुमचं घर पेटेल तेव्हा तुम्हालाही असेच शेजारी मिळोत."

कुणीतरी "शू" केलं, त्याला बाकीच्यांनी गप्प बसवलं. पडद्यावर सुलतान दौडत आला. त्याच्या पाठीवरून थेयरनं छाती काढून सुरुवात केली, "तुम्ही दारं लावून बसलात. हिच्या नवऱ्यानं हाका मारल्या..."

सगळं थेटर हसलं.

आईनं वेर्नाला कोपरानं ढोसलं. "हा काय चघळतोय गं?"