मऊ अक्षरांचे मांडे

आमचे मास्तर जळगावच्या शाळेत विज्ञान शिकवतात. सगळं गाव त्यांना मास्तर म्हणतं म्हणून मीही म्हणते. लग्नाला बारा वर्षं झाली, पण माझा एक निरोप त्यांनी धड ऐकला असेल तर शपथ. मीठ आणा म्हटलं तर पोस्टकार्ड घेऊन येतात. तेच मास्तर बेबाबाईच्या चुलीपुढे तास तास वही घेऊन बसायला लागले, तेव्हा माझ्या अंगाची लाही लाही झाली.

बेबाबाई लग्नाकार्यात मांडे करणारी. पलीकडच्या गल्लीत राहायची. शहाऐंशीच्या आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, मास्तरांनी तिचे मांडे पाहिले. बाई पुरणाचा उंडा दोन्ही हातांवर फिरवत कोपरापर्यंत लांबवते, मलमलीसारखा पातळ होतो, आणि तो उलट्या खापरावर टाकेपर्यंत कुठे एवढंसं भोक पडत नाही. त्या वेळी ती सारखी काहीतरी हळू हळू बोलत असते. झालं, मास्तरांना सिद्धांत सुचला. अक्षराला जोर असतो. ल, म, न ही अक्षरं वस्तूला धरून ठेवतात, ट, ठ, ड, ढ तोडतात. बेबाबाईच्या बोलण्यात मऊ अक्षरं जास्त, म्हणून तिचा मांडा फाटत नाही.

"आणि माझा का फाटतो?" मी विचारलं.

"तुझ्या बोलण्यात ट फार," मास्तर म्हणाले.

मी दोंडाईच्याची. आमच्याकडे लोक मोकळं बोलतात, त्याला मी काय करू? पण राग सिद्धांताचा नव्हता. रोज संध्याकाळी हा माणूस बेबाबाईचं अक्षर न् अक्षर टिपून घ्यायचा, घरी येऊन वाचायचा आणि स्वतःशीच हसायचा, त्याचा होता. ती काय बोलायची? "लाकूड सारा, मना लेक जेवना का?" लाकूड सार, माझा लेक जेवला का, एवढंच. माझ्या तोंडून निघालं असतं तर कोणी कुत्र्यानं कान हलवला नसता. मला जळायला होत होतं, हे मी लपवत नाही.

डिसेंबरात शाळेत विज्ञान मंडळाची सभा ठरली. कॉलेजचे दोन प्राध्यापक येणार होते. मास्तर प्रयोग करून दाखवणार होते. एक बाई मऊ अक्षरं म्हणत मांडा लांबवील, दुसरी कठोर. मऊ अक्षरांना बेबाबाई होतीच.

"कठोर अक्षरांना तू बस," मास्तर म्हणाले.

मला इतका आनंद झाला की हातातलं ताट तसंच राहिलं. मग ते पुढे म्हणाले, "तुझा तसाही फाटतोच. धोका नको."

महिनाभर मी मास्तर शाळेत गेले की चूल पेटवायची आणि ट, ठ, ड, ढ म्हणत मांडे लांबवायची. फाटलेले शेजारच्या म्हशीला. मालकीण म्हणाली, वहिनी, म्हैस आता सरकीला तोंड लावत नाही. चौथ्या आठवड्यात एक अख्खा मांडा खापरावर पडला. मग दुसरा. मी ठरवलं, भर सभेत मास्तरांचं नाक कापायचं. निदान त्या दिवशी तरी ते माझ्याकडे बघतील.

सभेच्या सकाळी बेबाबाई पट्टी बांधून आली. तळहाताला चटका बसला होता, मिठाच्या पाण्यात हात घालवत नव्हता. म्हणाली, "वहिनी, लांबवाले चाली जाई, पन तिंबाले नको." म्हणून दोघींची कणीक मीच तिंबली. तिंबताना ओठातल्या ओठात तिला काय काय म्हटलं, ते माझं मला माहीत.

सभेत आधी बेबाबाई बसली. ल, म, न म्हणत तिने मांडा लांबवला. तो नेहमीसारखा झाला. टाळ्या पडल्या. मग मी. घसा खरवडून ट, ठ, ड, ढ म्हटलं आणि मांडा मनगटावरून कोपरापर्यंत नेला. एक छिद्र नाही. प्राध्यापक एकमेकांकडे बघू लागले. मास्तरांचा चेहरा उतरला, पण क्षणभरच.

"कणीक कोणी तिंबली?" त्यांनी विचारलं. "बेबाबाईंनी ना? मग बरोबर आहे! त्यांची मऊ अक्षरं कणकेतच मुरली आहेत!"

माझा मांडा, आणि कौतुक पुन्हा तिचंच. तेवढ्यात बेबाबाईच उठली.

"नही मास्तर. बठ्ठी कणीक वहिनीनी तिंबेल शे. मना हात भाजेल शे ना."

सगळी कणीक माझ्या हातची, हे ऐकून सभा हसली, आणि मास्तरांनी वही मिटली. मी जिंकले ते तिच्या खरेपणाने, हे मला आणखीच लागलं.

दुसऱ्या दिवशी रविवार. जेवण झाल्यावर मास्तर वही घेऊन थेट माझ्यापुढे येऊन बसले. बारा वर्षांत पहिल्यांदा.

"तिंबताना तू काय म्हणत होतीस? जसंच्या तसं सांग."

खोटं सांगावं असं मनात आलं. पण एवढा कान देऊन हा माणूस पुन्हा कधी बसणार होता? मी सांगून टाकलं.

"म्हणत होते, टवळी मेली, तिच्या तोंडाला फोड उठोत. आणि बारा वर्षं जेवू घातलेल्या माझ्या माणसाला एकदा तरी माझं बोलणं ऐकू येवो."

मास्तरांनी दोन्ही वाक्यं लिहून घेतली. पेन्सिलीने एकेक अक्षर टोचत मोजलं.

"पहिल्यात ट एक, ठ एक, ड दोन," ते म्हणाले. "म्हणजे धरून ठेवतात ती कठोरच! दुसऱ्यात तसलं काहीच नाही."

आणि त्यांनी दुसरं वाक्य खोडलं.