टेकडीमागची पाटी

थोरली जाऊ झेरॉक्सचं दुकान चालवायची. धाकटी लग्न होऊन आली तेव्हा व्हिडिओ गेमच्या कन्सोलचा कंट्रोलर कसा धरायचा, गाव वसवायच्या खेळात नदीवर पूल कसा टाकायचा, हे थोरलीनेच तिला शिकवलं. वर्षभरात धाकटीचं गाव असं बहरलं की सासरे, जन्माचे सुतार, रोज संध्याकाळी खुर्ची ओढून तेच बघत बसायचे. "काय सांधा बसवलाय पोरीने!" आपल्या गावाकडे कुणी ढुंकूनही बघत नाही, असं थोरलीला वाटायला लागलं.

मत्सर हा पाहुणा असा, की आपण कडी लावायला उठावं तर हा आधीच आत पाय पसरून बसलेला.

एका दुपारी घर रिकामं होतं. थोरलीने धाकटीच्या गावाची सेव्ह फाइल पेनड्राइव्हवर घेतली. दुकानातल्या कॉम्प्युटरवर गावाच्या मालकिणीचं नाव बदलून आपलं टाकलं, घरं इकडेतिकडे सरकवली, कुंपणं रंगवली, आणि घरी येऊन आपल्या जुन्या गावाच्या जागी ते चढवलं. "जुनी फाइल पुसली जाईल. चालेल?" यंत्राने विचारलं. तिने खुशाल हो म्हटलं. वीस वर्षं लोकांचे कागद कॉपी केले, वाचला एकही नव्हता. ही फाइल तरी कशाला वाचतेय!

"बाबा, आज माझं गाव बघा."

"अरे वा! हे कधी केलंस?" थोरलीच्या अंगावर मूठभर मांस चढलं. "त्या टेकडीमागे ने बरं," सासरे म्हणाले.

टेकडीमागे बाक होता, बाकाशेजारी पाटी. सासऱ्यांनी चष्मा सारखा करून वाचली, "माझ्या ताईंना. त्यांनी हात धरून शिकवलं, म्हणून हे गाव उभं राहिलं." मग वळून म्हणाले, "तुझ्यावर गं कोण ताई? या घरात थोरली तूच ना?"

दारात धाकटी उभी होती. "ती पाटी मी ताईंच्या वाढदिवसाला दाखवणार होते," ती हळूच म्हणाली.

थोरलीचा चेहरा पांढराफटक पडला. "गाव हिचं आहे, बाबा. मी उचललं. जळत होते मी."

"आणि तुझ्या जुन्या गावातला तो वाकडा पूल?" सासऱ्यांनी विचारलं.

"पुसला."

"हात्तिच्या! त्यावरून तुझा खेळातला माणूस दर वेळी पाण्यात पडायचा. तेवढंच हसायचो मी."

धाकटी शेजारी येऊन बसली. "ताई, अख्खं गाव उचललंत, तर टेकडीमागे एकदा डोकवायचं तरी!"

थोरलीने चोरलेलं गाव पुसलं. नवं उघडलं : ओसाड माळ, एक नदी. धाकटीचा हात कंट्रोलरकडे गेला.

"नको. माझा मी बांधते."

पूल याही वेळी वाकडाच झाला. सासरे हसले. आपल्याकडे बघून की धाकटीकडे, ते थोरलीने पुन्हा चोरून पाहिलंच.