उसनं आडनाव आणि लापशीचा चमचा

मी चमचा बोलतोय. एका राजकारण्याचा चमचा. हसलात ना? हसा खुशाल. पण मी लाकडाचा खराखुरा चमचा आहे, आणि कुणाच्या पुढेपुढे करणं मला आजवर जमलेलं नाही.

माझा जन्म नॉर्वेतल्या एका दरीत, रोय्सलांड नावाच्या शेतावर झाला. रोय्सलांड म्हणजे दगडगोट्यांची जमीन, आणि त्या नावात काही खोटं नव्हतं. तिथल्या गुनहिल्डबाईंनी मला बर्चच्या लाकडातून कोरलं आणि शेपटाच्या, म्हणजे दांड्याच्या, टोकावर शेताची खूण काढली: एक उभी रेघ, वर दोन शिंगं. आमच्याकडे लिहिता न येणाऱ्यांची सही म्हणजे ही खूण. कुऱ्हाडीवर तीच, लोण्याच्या पिंपावर तीच, खरेदीखतावरही तीच. नॉर्वेवर त्या काळी डेन्मार्कचं राज्य होतं; मुलगा एलिंग कायदा शिकायला तिथल्या कोपनहेगनला निघाला, तेव्हा बाईंनी मला त्याच्या खिशात कोंबलं. परक्या घरी लापशी मिळेल, पण चमचा कोण देणार, असं त्यांचं म्हणणं.

तिकडे या पठ्ठ्यानं काय करावं? आडनावच बदललं. रोय्सलांडचे झाले रोसेनलुंड, म्हणजे गुलाबांची राई. आमच्या दगडांत गुलाब कधी उगवले, देव जाणे. मग सहीशेजारी लाखेवर उठवायची गुलाबांची मोहर आली, तोंडात पुस्तकी डॅनिश आली, न्यायाधीशाची खुर्ची आली. आईला पत्रं जायची, घरी बोलावणं मात्र कधी गेलं नाही. मला फार राग यायचा त्याचा. पण त्यांच्यानं काही मला टाकवेना. कोटाच्या आतल्या खिशात ठेवायचे आणि दार लावून माझ्यानं लापशी खायचे. चोरून दारू पिणारे पुष्कळ पाहिले, चोरून लापशी खाणारा हा एकटाच.

१८१४ साली देशाची घटना लिहायला एइड्सव्होलला शंभरावर माणसं जमली, त्यांत आमचे साहेबही होते. सहा आठवडे नुसता काथ्याकूट. साहेब बोलायला उभे राहिले की लोक घड्याळं काढून बघायचे. शेजारी बसायचे आमच्याच दरीतले शेतकरी तोलेइव्ह. त्यांनासुद्धा साहेबांनी आपण कुठले ते कळू दिलं नव्हतं. एके दिवशी तर साहेबांनी अर्धा तास ठणकावून सांगितलं की सहीशेजारी ज्यानं त्यानं स्वतःचीच मोहर उठवावी, उसनी चालणार नाही.

सह्यांचा दिवस आला. साहेबांनी झोकात सही केली, कारकुनानं शेजारी गरम लाख ओतली, साहेबांनी खिशात हात घातला, आणि मोहर घरी टेबलावरच राहिली होती. एकानं आपली मोहरेची अंगठी पुढे केली, तर दुसऱ्यानं साहेबांना त्यांचंच भाषण ऐकवलं. मोहर नाही तर घटनेवरची सही बाद. लाख थंड होत चालली. साहेबांचा हात खिशात माझ्यावर येऊन थांबला. मला बाहेर काढलं की वीस वर्षांची गुलाबांची राई सगळ्यांसमोर उघडी पडणार होती.

शेवटी काढलं त्यांनी मला. चमचा बघून हशा पिकला. तोलेइव्ह तेवढे हसले नाहीत. त्यांनी वाकून माझी शेपटी पाहिली.

"ही तर रोय्सलांडची खूण," ते हळूच म्हणाले. "म्हणजे तू गुनहिल्डबाईंचा एलिंग?"

साहेबांचे कान लालबुंद झाले. तेवढ्यात कारकुनानं हरकत घेतली की रोसेनलुंड घराण्याची मोहर ही नव्हे, उसनी दिसते.

तेव्हा साहेब आमच्या दरीच्या बोलीत बोलले. इतक्या वर्षांनी, पण एक अक्षर विसरले नव्हते.

"उसनं आहे ते आडनाव. खूण माझीच आहे. आईच्या लोण्याच्या पिंपावर बघून या."

आणि मला दाबलं लाखेत. शेपटी चांगलीच पोळली, पण त्या दिवशी मी हूं की चूं केलं नाही.

आता साहेब नाहीत. मी त्यांच्या सुनेच्या स्वयंपाकघरात खुंटीला असतो. सूनबाई हाताची फार स्वच्छ; माझ्या खाचांत अडकलेली लाल लाख तिला मळ वाटते, आणि आज ती सुरी घेऊन आली आहे. बाई गं, तेवढं खरवडू नकोस. तुझ्या सासऱ्यांनी जन्मभर हजारो कागदांवर मोहर उठवली, पण आईचा मुलगा म्हणून उठवलेली ती एकच.