कट म्हटल्यावर अंगावर येणारी शाल

मित्रांनो, मी एक जुनी लाल शाल आहे. तुमचा काडीइतकाही विश्वास बसणार नाही, पण मी साठ सिनेमांत काम केलं आणि एकाही सिनेमात दिसले नाही.

लुधियानाच्या मागावर माझा जन्म झाला. लोकर अशी उबदार, की विणकराने माझ्यावर पातेलं ठेवून चहा उकळला. नका मानू. मुंबईत मला राजश्रीने विकत घेतलं. ती नटी होती. जे सिनेमे तुम्हाला बघू देत नाहीत, त्यांतली. दिग्दर्शकाने 'कट' म्हटलं की तिला झाकायचं, हे माझं काम. एकदा सेटवरचे दिवे गेले, तर माझ्या लाल रंगाच्या उजेडात पुढचा शॉट झाला. तिथे तिला कुणी नावाने हाक मारत नसे. 'ए, चल' एवढंच.

पुढे तिला घरच्यांसोबत बघायचे सिनेमे मिळाले. नायकाची वहिनी, नर्स, इन्स्पेक्टरची बायको. ती 'मॅडम' झाली, चहा ग्लासातून कपबशीत आला. पण पावसाच्या गाण्यात तिलाच भिजवायचे, कारण 'हिला सवय आहे'. पोस्टरवर मात्र नाव नको. आणि कट झाला की इथेही माझीच शोधाशोध. फरक मला तरी कळला नाही.

मग लग्न करून ती कुवेतला आली. नवरा सुयोग मीना अल-अहमदीच्या रिफायनरीत टेक्निशियन. त्याला सगळं ठाऊक होतं. मंगफच्या फ्लॅटमध्ये मला इस्त्रीखाली अंथरलं गेलं. यंदा इथल्या एका मराठी मंडळाने तिचा सत्कार ठरवला. शाल, श्रीफळ, स्टेजवर नावानिशी बोलावणं. बाई रोज आरशासमोर आभाराचं भाषण म्हणू लागली.

आदल्या दिवशी मंडळाचे सेक्रेटरी बाळासाहेब आले. चहा संपवून म्हणाले, "वहिनी, ग्रुपवर तुमचं काहीतरी जुनं फिरतंय. मी काही बघितलं नाही हं."

"बघितलं नाहीत, तर मीच आहे हे कसं कळलं, भाऊजी?"

बाळासाहेबांनी रिकामा कप बाजूला सरकवला. "कार्यक्रमाला बायकामुलं असतात ना. तुम्ही या, अगदी जरूर या. सत्काराचं पुढच्या वर्षी बघू."

आता खरी गंमत ऐका. रात्रीतून बाळासाहेबांना उपरती झाली. दुसऱ्या दिवशी अध्यक्ष प्रभाताईंनी स्वतः माइकवर राजश्रीचं नाव पुकारलं. लोक उभे राहिले. टाळ्या अशा कडाडल्या की तिकडे वफ्रातल्या बागांत खजूर गळाले. आणि भर स्टेजवर तिच्या खांद्यांवर जी शाल घातली, ती मी. विचारा हवं तर, तिची मुलगी अक्षरा तुमच्यातच बसली आहे. म्हणून सांगते मित्रांनो, ज्या शालीने माणसाला मान दिला, तिच्यावर इस्त्री फिरवू...

"खोटं," अक्षरा म्हणाली. "मी होते ना तिथे. आम्ही शेवटच्या रांगेत बसलो होतो. आईचं नाव कुणी घेतलंच नाही. आणि तुला तिने घरूनच नेलं होतं, हॉलमधला एसी फार गार असतो म्हणून."